कंसातला व्हाइट वॉशर

सेवाविषयक प्रकरणं चालवणाऱ्या आम्हा वकिलांच्या तोंडी रोज येणारं एक नाव आहे, रफिक मसीह. ‘रफिक मसीह लागू पडतं’, ‘हे रफिक मसीहमध्ये बसत नाही’, ‘रफिक मसीह सोबत जोडलंय का?’ असं आम्ही बोलतो. कायद्याच्या एखाद्या कलमासारखं ते नाव आता रुळलं आहे. निकालाचं शीर्षक मात्र फार थोडे जण शेवटपर्यंत वाचतात. पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह, आणि त्यापुढे कंसात ‘व्हाइट वॉशर’. भिंतींना चुना लावणारा. त्या माणसाचा हुद्दा सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाच्या नावात तसाच राहून गेला आहे.

मीही तो कंस बरीच वर्षं वाचला नव्हता. छत्रपती संभाजीनगरला, महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या खंडपीठासमोर वकिली करताना मी हा निकाल किती अर्जांना जोडला असेल याची गणती नाही. वकिली सुरू केली तेव्हा शहराचं नाव औरंगाबाद होतं. मुंबई, नागपूर आणि औरंगाबाद अशा तीन ठिकाणी बसणारं हे न्यायाधिकरण जुलै १९९१ मध्ये सुरू झालं. राज्य सरकारच्या कर्मचाऱ्याला बदली, बढती, निलंबन, पगार, पेन्शन यांबद्दल दाद मागायची तर पहिलं दार हेच. मराठवाड्याच्या जिल्ह्यांतून माणसं पहाटेची एसटी धरून येतात. प्लास्टिकच्या पिशवीत सेवापुस्तकाची झेरॉक्स असते, आदेश असतो, आणि हल्ली मोबाइलवर कुणीतरी पाठवलेला एखादा निकाल असतो. “मॅडम, हे जजमेंट बघा. सेम टू सेम माझीच केस आहे.” हे वाक्य मी पहिल्याच भेटीत ऐकते. पूर्वी मला त्याने हुरूप यायचा. आता मी मोबाइल बाजूला ठेवायला सांगते आणि आधी सेवापुस्तक मागते. हे मला एका लिपिक काकांमुळे कळलं, आणि त्याची किंमत त्यांनी मोजली.

काका परभणीकडचे. २०१६ मध्ये निवृत्त झाले. निवृत्तीच्या आधी सेवापुस्तक वेतन पडताळणी पथकाकडे जातं, तसं त्यांचंही गेलं. तिथे १९९७ मधल्या कालबद्ध पदोन्नतीची वेतननिश्चिती कुणीतरी पुन्हा करून पाहिली आणि एक वेतनवाढ जास्त दिली गेल्याचा शेरा मारला. एक चुकीची वेतनवाढ एकोणीस वर्षं पुढे सरकत राहिली की तिच्यावर महागाई भत्ता चढतो, पुढच्या प्रत्येक वेतनवाढीचा आकडा बदलतो, वेतन आयोगाची निश्चिती बदलते. हिशोब दोन लाखांच्या आसपास गेला. कार्यालयाने ती रक्कम ग्रॅच्युइटीतून कापायचा आदेश काढला. घराचा स्लॅब टाकायचा म्हणून काकांनी सिमेंटवाल्याला आगाऊ पैसे देऊन ठेवले होते.

रफिक मसीहचा निकाल १८ डिसेंबर २०१४ चा. चुकून जास्त दिलेला पगार कर्मचाऱ्याकडून कधी वसूल करता येणार नाही, अशा पाच परिस्थिती त्यात सांगितल्या आहेत. कर्मचारी तिसऱ्या किंवा चौथ्या श्रेणीतला असेल तर. तो निवृत्त झालेला असेल किंवा वर्षभरात होणार असेल तर. जास्तीचं प्रदान पाच वर्षांहून अधिक काळ चाललेलं असेल तर. वरच्या पदाचं काम करून घेऊन त्याचा पगार दिला असेल तर. आणि या चारांत न बसणारं पण वसुली केली तर उघड अन्याय, जाच होईल असं प्रकरण असेल तर. काका यांतल्या पहिल्या तिन्हींत बसत होते. मी अर्जात चार ओळी लिहिल्या, निकाल जोडला, आणि सुरुवातीलाच वसुलीला स्थगिती मिळाली. आमच्या भाषेत ही ‘कव्हर्ड मॅटर’, म्हणजे आधीच्या निकालाने सुटलेलं प्रकरण. त्यामुळे फाइल मी पुन्हा उघडली ती थेट अंतिम सुनावणीच्या आदल्या रात्री.

सुनावणीत सरकारच्या बाजूच्या सादरकर्त्या अधिकारी उभ्या राहिल्या. त्यांनी सेवापुस्तकात टाचलेला एक छापील कागद दाखवला. २००९ मधलं वचनपत्र: वेतननिश्चितीत जास्त रक्कम मिळाल्याचं पुढे आढळलं तर ती मी परत करीन. खाली काकांची सही. पाठोपाठ त्यांनी जगदेव सिंग प्रकरणाचा २०१६ चा निकाल पुढे केला. त्यात सर्वोच्च न्यायालयाने वचनपत्र दिलेल्या अधिकाऱ्याकडून वसुली वैध ठरवली आहे.

माझ्याकडे उत्तर नव्हतं. ते सेवापुस्तक मी पाहिलेलंच नव्हतं. मी तारीख मागितली, आणि मिळाली. बाहेर व्हरांड्यात काका म्हणाले, “मॅडम, ती सही माझीच आहे. म्हणजे मी खोटा ठरलो का?” पुढची तारीख तीन महिन्यांनी पडली. ते तीन महिने हा माणूस आपण सरकारला फसवलं की काय, या विचाराने झोपला नाही. हे त्यांनी मला फार नंतर सांगितलं. मी सेवापुस्तक आधी वाचलं असतं तर त्या कागदाबद्दल त्यांच्याशी बोलले असते, आणि ते तीन महिने त्यांच्या वाट्याला आले नसते.

मग मी ते दोन्ही वाचले. एक दिवस कार्यालयात बसून सेवापुस्तक पानापानाने, आणि जगदेव सिंगचा निकाल ओळीओळीने. जगदेव सिंग हे हरियाणातले न्यायिक अधिकारी होते. सुधारित वेतनश्रेणी स्वीकारताना त्यांनी वचनपत्र दिलं होतं, आणि त्या सुधारित वेतनातलीच जास्तीची रक्कम त्यांच्याकडे मागितली गेली होती. रक्कम घेताना ती परत द्यावी लागू शकते याची त्यांना जाणीव होती, हा त्या निकालाचा कणा. तरीही न्यायालयाने वसुली एकदम करू दिली नाही, दोन वर्षांच्या हप्त्यांत विभागून दिली. इकडे काकांचं वचनपत्र सहाव्या वेतन आयोगाच्या वेळचं, कार्यालयातल्या सगळ्यांकडून एका दिवशी सही करून घेतलेलं. चूक १९९७ मधली, कालबद्ध पदोन्नतीची, कार्यालयाने स्वतः केलेली. २००९ च्या कागदाने १९९७ च्या चुकीची हमी दिली असं कसं म्हणायचं? पुढच्या तारखेला मी एवढंच मांडलं, सेवापुस्तकाची दोन पानं शेजारी शेजारी ठेवून. वसुलीचा आदेश रद्द झाला, ग्रॅच्युइटी मिळाली.

निकाल जोडणं आणि निकाल लागू करून दाखवणं ही दोन वेगळी कामं आहेत, हे माझ्या वरिष्ठ वकिलांनी, म्हणजे सरांनी, मला पहिल्या वर्षीच सांगितलं होतं. सर आता नाहीत. त्यांच्या टेबलावर निकालाची प्रत ठेवली की ते आधी न्यायमूर्तींची नावं मोजायचे. दोन, तीन की पाच? मग प्रकरणाची हकिकत वाचायचे: हा कर्मचारी कोण, कुठल्या पदावर, नेमणूक कशी झाली, त्याने मागितलं काय. मग न्यायालयाने आदेश कुठल्या अधिकारात दिला ते शोधायचे. कायद्याचं तत्त्व सांगणारा परिच्छेद, जो आम्ही ज्युनिअर मंडळी पिवळ्या पेनाने रंगवून आणायचो, तो ते सगळ्यात शेवटी वाचायचे.

न्यायमूर्ती मोजण्याचं महत्त्व मला रूपलाल प्रकरणाने पटलं. दिल्ली पोलिसांत प्रतिनियुक्तीवर आलेल्या सीमा सुरक्षा दलाच्या उपनिरीक्षकांचा तो ज्येष्ठतेचा वाद. त्याच प्रश्नावर केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या एका खंडपीठाने आधी निकाल दिलेला होता. तेवढ्याच ताकदीच्या दुसऱ्या खंडपीठाने तो बाजूला ठेवून उलटा निकाल दिला. सर्वोच्च न्यायालयाने १९९९ मध्ये त्याबद्दल कडक शब्दांत नाराजी नोंदवली. आधीचा निकाल पटत नसेल तर प्रकरण मोठ्या पीठाकडे पाठवायचं, परस्पर वेगळं मत द्यायचं नाही. वरवर हा न्यायालयांच्या आपापसातल्या शिस्तीचा प्रश्न वाटतो. पण एकाच कार्यालयातले, एकाच दिवशी रुजू झालेले दोन शिपाई डोळ्यांसमोर आणा. एकाचं प्रकरण सोमवारी एका पीठासमोर आणि दुसऱ्याचं गुरुवारी दुसऱ्या पीठासमोर लागलं, म्हणून एकाला पेन्शन आणि दुसऱ्याला नकार असं झालं तर ते दोघं पुन्हा एकमेकांच्या घरी चहाला जातील का?

अधिकाराचं म्हणाल तर रफिक मसीहच्याच पोटात त्याची गोष्ट आहे. त्याच्या आधी वसुलीबद्दल सर्वोच्च न्यायालयाचे वेगवेगळे निकाल होते. साहिब राम या ग्रंथपालाच्या प्रकरणात १९९४-९५ च्या सुमारास वसुली नाकारली गेली होती, तर २०१२ मध्ये चंडीप्रसाद उनियाल प्रकरणात ती मान्य झाली होती. कुठला निकाल धरायचा? प्रश्न तीन न्यायमूर्तींकडे गेला. त्यांनी जुलै २०१४ मध्ये सांगितलं की यांत मुळात विरोध नाही. काही निकालांत न्यायालयाने संविधानाच्या अनुच्छेद १४२ खाली, त्या माणसाला पूर्ण न्याय मिळावा म्हणून, खास अधिकार वापरला होता. तो आदेश त्या प्रकरणापुरता. अनुच्छेद १४१ खाली सगळ्या न्यायालयांवर बंधनकारक होतो तो न्यायालयाने घोषित केलेला कायदा. मग प्रकरण परत दोन न्यायमूर्तींकडे आलं आणि त्या पाच परिस्थिती लिहिल्या गेल्या. आजही कुणी अशील मोठ्या आशेने निकाल घेऊन येतं आणि शेवटच्या परिच्छेदात ‘अनुच्छेद १४२’ दिसतं, तेव्हा त्याला ते समजावून सांगणं जड जातं. “पण कोर्ट तेच, सही त्याच साहेबांची, मग मला का नाही?” या प्रश्नाचं कायदेशीर उत्तर माझ्याकडे आहे. ते देताना त्याच्याकडे पाहवत नाही.

मला खरा राग येतो तो दुसऱ्या एका उत्तराचा. ते कार्यालयाकडून येतं, बहुतेक वेळा एका वाक्यात: सदर निर्णय हा संबंधित अर्जदारापुरता मर्यादित असून आपण त्यात अर्जदार नव्हता. एकाच संवर्गातले चाळीस जण, एकाच शासन निर्णयाने अडलेले. पाच जण न्यायाधिकरणात गेले, जिंकले, सरकारने निकाल मान्य करून त्यांना थकबाकी दिली. उरलेल्या पस्तीस जणांनी विनंती अर्ज केला की हे उत्तर. मग त्या पस्तीस जणांनी वकील करायचा, फी द्यायची, तारखांना यायचं, आणि दोन वर्षांनी आधीच्याच निकालाची नक्कल असलेला निकाल घेऊन जायचं. यात कुणाचा काय फायदा होतो हे मला इतक्या वर्षांत कळलेलं नाही. वित्त विभागाच्या परवानगीशिवाय लाभ द्यायची खालच्या अधिकाऱ्याला भीती वाटते, हे कारण मी समजू शकते. त्या भीतीचा खर्च मात्र माणसाने आपल्या पेन्शनीतून करायचा.

सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये उत्तर प्रदेशातल्या अरविंद कुमार श्रीवास्तव प्रकरणात याबद्दल नियम सांगितला आहे. काही कर्मचाऱ्यांना न्यायालयाने लाभ दिला असेल तर तशाच परिस्थितीतल्या इतरांनाही तो सरकारने स्वतःहून द्यावा. दिला नाही तर तो भेदभाव ठरतो आणि समानतेच्या अनुच्छेद १४ ला बाधा येते. आपल्याकडे विधी व न्याय विभागाने २०१७ च्या फेब्रुवारीत परिपत्रक काढून सगळ्या विभागांना हेच बजावलं. ते परिपत्रक मी अर्जाला जोडते. त्याचा उपयोग होतो, पण अर्ज करावा लागतोच.

त्याच निकालाची दुसरी बाजू माझ्या अशिलांना कुणी सांगत नाही, म्हणून ती मला सांगावी लागते. अन्याय झाला तेव्हा जो गप्प बसला, दुसरे लढून जिंकल्यावर जागा झाला, त्याला या नियमाचा आधार मिळेलच असं नाही. काठावर बसून पाहणाऱ्यांना उशीर भोवतो. निकाल सगळ्या वर्गासाठी दिलेला आहे की फक्त समोरच्या माणसासाठी, यावरही बरंच अवलंबून. न्यायाधिकरणात येण्याची मुदत आदेशापासून एक वर्ष. विनंती अर्जावर विनंती अर्ज टाकत राहिल्याने ती वाढत नाही. पगार-पेन्शनीची चूक दर महिन्याला नव्याने घडते म्हणून तिथे दार पुरतं बंद होत नाही, पण थकबाकी साधारणपणे अर्जाआधीच्या तीन वर्षांचीच मिळते. २००८ च्या तर्सेम सिंग निकालापासून हे ठरल्यासारखं आहे.

याचं सगळ्यात ताजं उदाहरण ३० जूनच्या वेतनवाढीचं. सहाव्या वेतन आयोगाने सगळ्यांची वेतनवाढ १ जुलैला आणली. त्यामुळे ३० जूनला निवृत्त होणाऱ्याने पूर्ण वर्ष नोकरी केली, तरी वाढ देय व्हायच्या दिवशी तो नोकरीत नाही. मद्रास उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये एका निवृत्ताला ती वाढ दिली. वेगवेगळ्या उच्च न्यायालयांत उलटसुलट निकाल लागत राहिले. शेवटी ११ एप्रिल २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाने कर्नाटकातल्या वीज पारेषण महामंडळाच्या प्रकरणात ठरवलं की वर्षभर केलेल्या कामाची ती कमाई आहे, दुसऱ्या दिवशी माणूस नोकरीत नाही म्हणून ती बुडत नाही.

त्यानंतरच्या महिन्यांत माझ्या कार्यालयात जूनमध्ये जन्मलेल्यांची रांग लागली. दहा वर्षांपूर्वी निवृत्त झालेले एक तलाठी आले. त्यांच्याबरोबरच्या एका मंडळ अधिकाऱ्यांनी आधीच न्यायाधिकरणात अर्ज करून ठेवला होता. हे थांबले होते. सप्टेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या निकालाचा लाभ कुणाला कुठल्या तारखेपासून ते स्पष्ट केलं. स्वतः प्रकरण करून जिंकलेल्यांना त्यांच्या निकालाप्रमाणे. जे कुठेच गेले नव्हते त्यांना वाढीव पेन्शन १ मे २०२३ पासून पुढे, मागची नाही. मधल्यांचा, म्हणजे अर्ज करून ठेवलेल्यांचा, हिशोब त्यांच्या अर्जाच्या तारखेवर. एकाच वर्षी, एकाच दिवशी, एकाच तहसील कार्यालयातून निरोपाचा नारळ घेऊन बाहेर पडलेल्या दोघांच्या हातात वेगवेगळी रक्कम आली. तलाठी काकांना मी हे सांगितलं. ते रागावले नाहीत. “तेव्हा वकिलाला द्यायला पैसे नव्हते,” एवढंच म्हणाले. सरकारी तिजोरीवर एकदम भार पडू नये म्हणून न्यायालयाने कुठेतरी रेघ ओढली, आणि अशी रेघ ओढावी लागते हे मला मान्य आहे. तरी ‘काठावर बसलेले’ या शब्दांत ते काका बसत नाहीत असं मला वाटतं. काठावर बसायलाही थोडी ऐपत लागते.

आणखी एकांना तर रिकाम्या हाती पाठवावं लागलं. त्यांची जन्मतारीख १ जून. आपल्याकडे एका पिढीतल्या कितीतरी जणांची जन्मतारीख १ जून आहे, कारण शाळेत नाव घालताना गुरुजींनी ती लावली. महिन्याच्या एक तारखेला जन्मलेला माणूस आदल्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी निवृत्त होतो, म्हणजे हे ३१ मेला निवृत्त झाले. आदल्या १ जुलैपासून अकरा महिने भरले. २०२३ चा निकाल पूर्ण वर्षाच्या कामावर उभा आहे, तो अकरा महिन्यांना पुरत नाही. त्यांची आई सांगायची की ते पोळ्याच्या सुमाराला जन्मले. ते खरं असणार. सेवापुस्तकाच्या पहिल्या पानावर मात्र १ जूनच आहे, आणि मला त्या पानाबरोबरच निकाल वाचावा लागतो.

उमादेवी या नावाबद्दल मात्र मी शांतपणे लिहू शकत नाही. १० एप्रिल २००६, पाच न्यायमूर्तींचं पीठ, कर्नाटक राज्य विरुद्ध उमादेवी. तिथले कर्मचारी वाणिज्य कर विभागात रोजंदारीवर वर्षानुवर्षं काम करणारे. न्यायालयाने सांगितलं की सरकारी नोकरी जाहिरात, स्पर्धा, निवड या वाटेनेच मिळाली पाहिजे; मागच्या दाराने आलेल्यांना न्यायालयांनी कायम करत सुटू नये. जी बाहेर राहिली, ज्यांना अर्ज करायची संधीच मिळाली नाही, त्या मुलामुलींचा विचार त्यामागे होता आणि तो मला पटतो. याच्या विरुद्ध जाणाऱ्या आधीच्या निकालांना यापुढे पूर्वनिर्णय म्हणून मान राहणार नाही, असंही त्यात लिहिलं आहे. पण त्याच निकालाचा ५३ वा परिच्छेद सांगतो की मंजूर पदावर, पात्रता असलेल्या आणि न्यायालयाच्या आदेशाच्या आधाराशिवाय दहा वर्षं किंवा अधिक काम केलेल्यांना सरकारने एकदाच, सहा महिन्यांत मोहीम हाती घेऊन नियमित करावं. बेकायदा नेमणूक आणि केवळ नियमांत त्रुटी राहिलेली नेमणूक यांत फरक करावा.

पुढे वीस वर्षं मी पाहत आले की सरकारी उत्तरांत निकालाचा पहिला भाग जसाच्या तसा उतरवलेला असतो आणि ५३ वा परिच्छेद नसतो. सफाई करणारी बाई असो, वाहनचालक असो, पंप चालवणारा असो, सगळ्यांच्या उत्तरात तेच चार परिच्छेद. २००७ मध्ये दोन न्यायमूर्तींच्या पीठाने म्हटलं होतं की उमादेवी हकिकत न बघता यांत्रिकपणे लावू नये. २००८ मध्ये तीन न्यायमूर्तींनी ते मत बाजूला सारलं: पाच जणांच्या निकालाला दोन जणांनी मुरड घालता येत नाही. शिस्त म्हणून ते बरोबरच. सर जिवंत असते तर म्हणाले असते, मोजायला विसरू नकोस.

महाराष्ट्रापुरती एक फट उघडी राहिली, आणि ती एसटी गाड्या धुणाऱ्या कामगारांनी उघडी ठेवली. राज्य परिवहन महामंडळ विरुद्ध कास्ट्राइब संघटना या २००९ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मान्य केलं की कामगारांना वर्षानुवर्षं बदली कामगार म्हणून किंवा तात्पुरतं ठेवून कायमपणाच्या हक्कांपासून दूर ठेवणं ही अनुचित कामगार प्रथा आहे, आणि १९७१ च्या राज्य कायद्याखाली औद्योगिक न्यायालय त्यावर इलाज करू शकतं; उमादेवीने तो अधिकार काढून घेतलेला नाही. म्हणजे त्याच झाडूला महामंडळात एक न्यायालय आणि सरकारी कार्यालयात दुसरं. म्हणून मी आलेल्या माणसाला आधी विचारते, पगार कोण देतं? जिल्हा परिषदेचे कर्मचारी आले तर त्यांना उच्च न्यायालयाच्या खंडपीठात पाठवते. आमचं न्यायाधिकरण त्यांच्यासाठी नाही.

मग २० डिसेंबर २०२४ ला जग्गो प्रकरणाचा निकाल आला. केंद्रीय जल आयोगाच्या कार्यालयात साफसफाई आणि बागकाम करणारी माणसं. केंद्रीय न्यायाधिकरणात हरली, उच्च न्यायालयात हरली, सर्वोच्च न्यायालयात जिंकली. दोन न्यायमूर्तींपैकी एक न्यायमूर्ती प्रसन्न वराळे, ज्यांनी याच शहरात वकिली केली. निकालात स्पष्ट म्हटलं आहे की उमादेवीचा हेतू मागच्या दाराने होणाऱ्या नेमणुका रोखण्याचा होता, दशकानुदशकं राबवून घेतलेल्यांचे हक्क नाकारण्यासाठी तिचा उपयोग शस्त्रासारखा होतो आहे. त्या रात्री मी तो निकाल दोनदा वाचला. उमादेवी तशीच उभी आहे, दोन न्यायमूर्ती पाचांचा निकाल पुसत नाहीत. पण तो कसा वाचायचा हे आता छापील आहे.

माझ्याकडे सध्या एक मावशी आहेत. एका सरकारी कार्यालयात २००४ पासून झाडलोट करतात, सकाळी दार उघडतात, पाणी भरतात, संध्याकाळी कुलूप लावतात. २००६ ला त्यांची दहा वर्षं झालेली नव्हती, म्हणून ५३ वा परिच्छेद अक्षरशः घेतला तर त्या त्यात येत नाहीत. मधेच कार्यालयाने त्यांचा पगार एजन्सीमार्फत द्यायला सुरुवात केली. काम तेच, झाडू तोच, फक्त पगार पाठवणाऱ्याचं नाव बदललं. सरकारचं उत्तर आलं आहे. त्यात उमादेवीचे चार परिच्छेद आहेत आणि एक वाक्य: अर्जदाराने सलग काम केल्याचा कोणताही अभिलेख या कार्यालयात उपलब्ध नाही.

जग्गो मी जोडला आहे, पण जग्गोमधल्या माणसांनी किती वर्षं काम केलं हे तिथे कागदाने दिसत होतं. मावशींकडे हजेरीपट नाही. मी त्यांना म्हटलं, घरात काहीही कागद असेल तर आणा, सही असलेला, तारीख असलेला, कसलाही. गेल्या मंगळवारी त्या पिशवी घेऊन आल्या. आत कार्यालयाच्या जुन्या किल्ली-नोंदवहीची पानं होती, वही बदलली तेव्हा रद्दीत टाकलेली आणि त्यांनी चूल पेटवायला म्हणून घरी नेलेली. २००६ ते २०११. रोजची तारीख, किल्ली घेतल्याची वेळ, किल्ली ठेवल्याची वेळ, आणि शेवटच्या रकान्यात त्यांची सही, सुरुवातीला थरथरती, पुढे पुढे सुटी होत गेलेली.

काही पानं अर्धी जळलेली आहेत. उरलेल्यांना आम्ही दोघींनी मिळून क्रमांक घातले. दोनशे बारा पानं झाली. सगळ्यांची झेरॉक्स काढायला दुकानात दीड तास लागला, आणि प्रत्युत्तराला जोडायच्या आधी मी ती एकेक करून वाचते आहे.